खडकावरच्या दिव्याचे पडदे

प्रिय भिंगरी,

या नावानं तुला हाक मारली त्याला शेहेचाळीस वर्षं झाली. आता तुला या नावानं कुणी ओळखतं की नाही कोण जाणे. पायाला भिंगरी लागलेली ती मुलगी आता चष्म्याच्या दुकानात काउंटरमागे शांत उभी राहून लोकांना खालची बारीक ओळ वाचायला लावत असेल, हे चित्र काही केल्या माझ्या डोळ्यांपुढे येत नाही. तुला गोष्टीचं शेवटचं पान आधी वाचायची खोड होती. या वेळी तेवढं करू नकोस, पहिल्या ओळीपासून ये. शेवटी जे सांगायचं आहे त्याला लागणारी हिंमत आत्ता माझ्याकडे नाही. ती मी लिहिता लिहिता गोळा करणार आहे.

मागच्या महिन्यात आमच्या समितीला एक पत्र आलं. समिती म्हणजे खडकावरचा दिवा वाचवायला जमलेली आम्ही सात रिकामटेकडी माणसं. मी तिची चिटणीस, कारण शाळेतून निवृत्त झालेली विज्ञानाची बाई कशालाच नाही म्हणत नाही असा लोकांचा समज असतो. पाकिटावर चष्म्याच्या दुकानाचा छापील पत्ता होता आणि आत मोजक्या ओळी. दीपगृहात जो इतिहासाचा फलक लागणार आहे त्यात माझ्या वडिलांचं नाव घालू नये. आग त्यांच्या हातून लागली हे सगळ्यांना ठाऊक आहे, ते पितळेवर कोरण्याची गरज नाही. वडील ऐंशीला टेकले आहेत, माझ्याजवळच असतात, आमचं फारसं बोलणं नसतं, तेव्हा त्यांना विचारायला कुणी घरी येऊ नये. सही सासरच्या आडनावाची, त्यामुळे अध्यक्षांना काही उलगडा झाला नाही. मला मात्र पाकीट हातात घेतल्याबरोबर कळलं. पाच वर्षं ज्या अक्षरातून गणितं उतरवून काढली ते अक्षर माणूस विसरेल कसं? अध्यक्ष म्हणाले, ठीक आहे, नाव गाळू, ‘एका मदतनिसाच्या निष्काळजीपणामुळे आग लागून भिंगाची हानी झाली’ एवढंच ठेवू. येत्या सोमवारी मजकूर कोरायला जायचा आहे. त्या एका वाक्यावर मी अडून बसले, आणि ते वाक्य तसंच पितळेवर जाणार की बदलणार, हे ठरवणं माझ्या हातात होतं.

आधी दिव्याची खबरबात देते. तू विचारणार नाहीस, पण तुला हवी असणार. दिवा बंद होऊन सोळा वर्षं झाली. आता किनाऱ्यावर एक लोखंडी खांब आहे, त्याच्या डोक्यावर डब्याएवढी बत्ती आपली आपण लागते आणि आपली आपण विझते. तिला ना चावी द्यावी लागते ना चहा. खडकावरचा मनोरा नुसता उभा होता. दारं कुजली, खिडक्यांतून पक्ष्यांनी संसार थाटले, लोखंडी जिन्याला हात लावला की गंज हाताला यायचा. पण दगड एकसुद्धा हललेला नाही. आमच्या पाथरवट मिस्त्रीनं आतला गिलावा खरवडला तेव्हा प्रत्येक दगडावर दोन आकडे निघाले, वर थराचा आणि खाली दगडाचा. दीडशे वर्षांपूर्वी हा सगळा मनोरा म्हणे आधी किनाऱ्यावरच्या मैदानात रचून पाहिला होता. एकेक थर मांडायचा, दगड एकमेकांत बसतायत का बघायचं, आकडे घालायचे, उतरवायचं, होडीत घालून खडकावर न्यायचं आणि पुन्हा रचायचं. प्रत्येक दगडाला एका अंगाला खाच आणि दुसऱ्या अंगाला जीभ आहे, त्यामुळे लाट आदळली की ते सुटायचं सोडून आणखी घट्ट बसतात. त्या भिंतीला पाठ लावून आपण दोघी तासन्‌तास पत्ते खेळलो आणि पाठीमागे एवढी करामत आहे याची आपल्याला कल्पनासुद्धा नव्हती. नवव्या थरात एक दगड चक्क उलटा बसवलेला सापडला, आकड्याचं डोकं खाली. मिस्त्री म्हणाला, बाई, त्या दिवशी तो गडी घरून भांडून आला असणार. मी दोन दिवस त्या दीडशे वर्षांपूर्वीच्या भांडणाचा विचार करत होते. नसत्या चौकशा करायची माझी सवय गेलेली नाही.

वर जाताना एकेक खोली ओळखीची लागत गेली. सगळ्यात खाली कोठी, तिच्यावर स्वयंपाकाची खोली, तिच्यावर झोपायची. त्या अर्धगोल लाकडी खाटा आठवतात ना? भिंतच गोल, मग खाट सरळ कशी राहणार! आपण त्यांवर वाकडं झोपायचो आणि किनाऱ्यावरच्या घरी परत गेल्यावर सरळ खाटेवर झोप यायची नाही. मोठ्या सुट्टीत आठ दिवस आपल्याला खडकावर न्यायची मुभा होती. माझे बाबा हेड आणि तुझे अप्पा त्यांचे मदतनीस. आया दोघी किनाऱ्यावर, लायनीतल्या घरांत, आठ दिवस कार्टी नाहीत म्हणून खूश. तू पुढे आणि मी तुझ्या मागे, म्हणून अप्पांनी माझं नाव शेपूट ठेवलं. बाबांनी आयुष्यात मला कधी लाडाचं नाव ठेवलं नाही, त्यामुळे मला ते फार आवडायचं. अप्पा भिंग पुसताना बेसूर गायचे, आणि तू कानांवर हात ठेवायचीस. मला वाटायचं, माझे बाबा एकदा तरी असं बेसूर गातील तर काय बहार होईल. हे तुला कधी सांगितलं नव्हतं. तुला अप्पा मिळाले आणि मला हेडसाहेब, याचा मला हेवा वाटायचा, तुझ्या प्रत्येक गोष्टीचाच वाटायचा.

आता मुद्द्यावर येते. दिव्याची खोली पाहायला आम्ही भिंगांची दुरुस्ती करणाऱ्या एका बाईंना बोलावलं. वय बत्तीस, बोलणं तोडून, काचेशी मात्र लाडीगोडीनं बोलतात. माणसाच्या दीडपट उंचीचं ते भिंग, पितळी चौकटीत ओळीनं बसवलेले शेकडो लोलक, सगळं त्यांनी सात आठवडे मऊ कातड्यानं पुसून काढलं. आगीत तडकलेले दोन लोलक बदलून नवे बसवावेत असं अध्यक्षांचं मत होतं, लोकांना बघायला बरं वाटतं म्हणून. बाई म्हणाल्या, तडा हासुद्धा इतिहासच आहे, तो काढायचा असेल तर दुसरं कुणी बघा. अध्यक्ष आयुष्यभर मुख्याध्यापक होते, त्यांना उलट उत्तराची सवय नाही, पण तडे राहिले. भिंगाच्या पायथ्याशी, बत्तीच्या खाली, बत्ती पुसायच्या चिंध्या ठेवायचा लाकडी कप्पा होता, तुला आठवत असेल. आग तिथेच लागली होती. कप्प्याची राख झाली, पण त्याचं झाकण कुठे गेलं म्हणून बाई शोधत राहिल्या, कारण आगीत झाकण बिजागरीतून निसटून बाजूला पडलं असावं असं त्यांना खुणांवरून वाटत होतं. आणि सापडलं कुठे, तर कोठीत! नंतरच्या कुणी बत्तीवाल्यानं त्याची फळी करून त्यावर बरण्या मांडल्या होत्या. खरे संसारी लोक.

बाईंनी ती फळी उलटी केली आणि उजेडाकडे धरली. झाकणाच्या वरच्या बाजूला, मधोमध, बोटभर लांबीची एक काळी खाच होती. बाकी लाकूड कडेनं जळलेलं, ही खाच मात्र खोल, बारीक, सरळ रेषेत, जणू कुणी तापलेली सळई हळूहळू ओढली आहे. त्यांनी मला विचारलं, बाई, तुम्ही विज्ञान शिकवलंत ना, मग सांगा, चौकशीच्या कागदात म्हटलंय तसा खालच्या खोलीत पेटलेला स्टोव्ह झाकणाच्या वरच्या बाजूला अशी रेघ कशी ओढेल? मला उत्तर आलं. मी तीस वर्षं दरवर्षी मुलांना भिंगानं कागद जाळून दाखवला आहे.

तू दिव्यावर वाढलीस, तुला पडद्यांचं काय सांगू. तरीही सांगते, कारण हे मला पुन्हा एकदा नीट मांडायचं आहे. भिंगाला दिवस आणि रात्र कळत नाही. रात्री ते आतला उजेड एकवटून बाहेर फेकतं, आणि दिवसा कुणी अडवलं नाही तर बाहेरचं ऊन त्याच वाटेनं आत घेऊन एका ठिपक्यावर आणून सोडतं. म्हणून सूर्य वर येण्याआधी बत्ती विझवायची, भिंग फिरू नये म्हणून खुंटी घालायची, चारी बाजूंचे जाड पांढरे पडदे ओढायचे आणि नोंदवहीत लिहायचं, ‘पडदे ओढले.’ बाबांच्या नोंदवह्या माझ्याकडे आहेत. एकोणीस वर्षांत एकही सकाळ त्या दोन शब्दांवाचून नाही. आगीच्या दिवशीही आहेत, सहा वाजून दहा मिनिटं, अक्षर नेहमीसारखं ठसठशीत. आग दिसली ती साडेनऊच्या सुमाराला.

मग आम्ही प्रयोग केला. मीच हट्ट धरला. त्याच तारखेला, तशाच निरभ्र सकाळी, भिंगाला जुन्या खुंटीवर थांबवलं. नवा कप्पा करून त्यावर तेच जुनं झाकण ठेवलं आणि झाकणावर साधी लाकडी पाटी. हाताशी पाण्याच्या दोन बादल्या, मिस्त्री ओलं पोतं घेऊन उभा. पूर्वेचा एक पडदा, फक्त एक, बाजूला सारला. भिंगरी, इतकं सुंदर काही मी परत पाहिलं नव्हतं. सगळी खोली रंगांनी भरून गेली, मिस्त्रीच्या टक्कलावर हिरवा आणि जांभळा. आणि त्या सगळ्या थाटामाटात एक पांढरा ठिपका, नखाएवढा, कप्प्याच्या कडेवर येऊन बसला. तो हळूहळू सरकत झाकणावर चढला. नऊ वाजून बारा मिनिटांनी पाटीतून धूर निघाला. ठिपका पुढे गेला, रेघ उमटत गेली. पाटी काढून पाहिली तर नवी रेघ जुन्या खाचेच्या बरोबर वर होती. बाईंनी पडदा ओढला, पाणी ओतलं आणि वहीत लिहिलं, आगीचं कारण ऊन, पूर्वेचा पडदा उघडा. स्टोव्हचा काही संबंध नाही.

आनंद व्हायला हवा होता ना? अध्यक्षांना झाला. ते म्हणाले, वा, फलकाला मजकूर मिळाला, पण मग त्या मदतनिसानं कबुली का दिली? वरच्या, दिव्याच्या लगेच खालच्या पहाऱ्याच्या खोलीतला चहाचा स्टोव्ह माझ्याकडून पेटता राहिला, शेजारचं रॉकेल कलंडलं, असं त्यानं सही करून दिलं आहे. बिनचुकीची कबुली कोण देतं? या प्रश्नानं मला झोप लागेना. त्यात भर म्हणून जुन्या होडीवाल्याच्या सुनेनं त्याची पत्र्याची पेटी समितीला आणून दिली. खडकावर काय नेलं आणि खडकावरून काय आणलं, हे तो प्रत्येक फेरीला लिहून ठेवायचा, बाकी अक्षरशत्रू असूनही एवढं मात्र गिरवायचा. आगीच्या तीन दिवस आधीची फेरी मी काढली. ‘खडकावरून आणले, रिकामे डबे सहा, टपाल, वरचा स्टोव्ह, पंप बिघडला.’ परत नेल्याची नोंद आगीनंतर बारा दिवसांनी. वर स्टोव्ह नव्हताच, भिंगरी. जो स्टोव्ह बंदरावरच्या दुरुस्तीवाल्याकडे पडला होता, तो पेटता ठेवल्याची कबुली तुझ्या अप्पांनी दिली आणि त्यावर हेड म्हणून माझ्या बाबांनी सही केली. चौकशीला आलेल्या साहेबांनी स्टोव्ह दाखवा असंही म्हटलं नाही. चोर आपणहून हजर झाल्यावर मुद्देमाल कोण शोधतो?

बाबांबद्दल लिहिताना पेन अडतं. स्टोव्ह किनाऱ्यावर आहे हे त्यांना माहीत होतं, फेरीच्या यादीखाली त्यांचीच आद्याक्षरं आहेत. तरी त्यांनी सही केली. कदाचित त्यांना वाटलं असेल की पडदा ओढायचा आपणच विसरलो. नंतरच्या आयुष्यात ते आमच्या घरातले पडदे सकाळी तीन-तीनदा तपासायचे आणि आई वैतागायची. ते जाऊन नऊ वर्षं झाली, आता विचारणार कुणाला? पण विसरले असं वाटलं तरी ते बोलले नाहीत, दुसऱ्याची नोकरी जाताना पाहत राहिले. माझे वडील म्हणून मी त्यांची बाजू घेणार नाही. तुम्ही लायनीतलं घर सोडलंत त्या सकाळी ते बाहेर आले नाहीत. मीही आले नाही. मी खाटेखाली होते. तू दाराशी येऊन दोनदा हाक मारलीस, शेपटे, जाते गं, आणि मी तोंडात ओढणीचा बोळा कोंबून पडून राहिले. पुढे तुझी तीन पत्रं आली. नवीन शाळेत मुली ‘दिवा विझवणाऱ्याची मुलगी’ म्हणतात, असं तिसऱ्यात होतं. मी एकालाही उत्तर दिलं नाही. तुझ्या पत्रांची मला भीती वाटायची.

भीती कशाची, ते आता सांगते. पडदा बाबा विसरले नव्हते. तो मी उघडला. त्या सकाळी तू अनवाणीच खाली खडकावर शिंपले गोळा करत होतीस, बाबा झोपले होते, अप्पा स्वयंपाकाच्या खोलीत होते. मला एकदा, फक्त एकदा, माझं एकटीचं काहीतरी बघायचं होतं, जे तू आधी पाहिलेलं नाहीस. मी वर गेले, पूर्वेचा पडदा सारला आणि रंगांत उभी राहिले. हातांवर, फ्रॉकवर, सगळीकडे रंग. किती वेळ गेला कळलं नाही. खालून अप्पांनी हाक मारली, पोरींनो, चहा निवतोय. वर जायची बंदी होती, सापडले तर बाबा सोलून काढतील या धास्तीनं मी पडदा तसाच सोडून पळाले. अर्ध्या तासानं धूर आला. अप्पा सगळ्यांच्या आधी धावत वर गेले. नंतर बाबांनी मला एकदाच विचारलं, वर गेली होतीस? मी म्हटलं, नाही. चौकशीत स्टोव्हचं निघालं तेव्हा अकरा वर्षांच्या माझ्या डोक्यानं ते झेललं आणि घट्ट धरलं. आग स्टोव्हनं लागली, मोठी माणसं सांगतायत, मग माझ्या पडद्याचं काय एवढं! पुढे मी विज्ञान शिकले, शिकवलं, कागद जाळून दाखवले, आणि तरीही हा एक हिशोब कधी पुरा मांडला नाही. मनात होतं, तिकडे बघायचं नाही एवढंच. मला याची लाज वाटते. याहून चांगला शब्द माझ्याकडे नाही.

पण अप्पांच्या कबुलीचं कोडं एवढ्यानं सुटत नव्हतं. मी पडदा उघडला हे त्यांना माहीत असतं तर त्यांनी हेडच्या पोरीसाठी आपल्या पोटावर पाय का आणावा? ते कळलं मागच्या गुरुवारी. भिंगवाल्या बाईंचं काम संपलं म्हणून शेवटचं बघायला वर चढत होते. दिव्याच्या खोलीच्या आधीच्या शेवटच्या पायरीवर माझे पाय आपोआप थांबले आणि मी वाकून चपला काढल्या. कुणी सांगितलं नव्हतं. आपल्याकडचा नियमच तो, भिंगाजवळ पायताण न्यायचं नाही, वाळूचा एक कण कातड्यात अडकला तर काचेवर ओरखडा. चपला पायरीवर ठेवल्या आणि आठवलं. त्या दिवशी मी तुझ्या चपला घालून गेले होते, भिंगरी. त्या पिवळ्या पट्ट्यांच्या, सुट्टीसाठी घेतलेल्या, ज्यांना तू मला हातसुद्धा लावू देत नव्हतीस. तू दाराशी काढून ठेवल्या होत्यास, मी पाय सरकवले. वर गेल्यावर नियमाप्रमाणे पायरीवर काढल्या. पळताना लोखंडी जिन्यावर वाजतील म्हणून तिथेच टाकून आले. मग आणू म्हटलं, आणि ‘मग’ आलंच नाही. धुरात धावत वर गेलेल्या अप्पांना सगळ्यात आधी काय दिसलं असेल ते तू ताडलंस. दुपारी तू चपला शोधत रडायला लागलीस तेव्हा ते म्हणाले, समुद्रात गेल्या, आणि जन्मात पहिल्यांदा तुझ्यावर ओरडले, पुन्हा त्या चपलांचं नाव काढायचं नाही. आपण दोघी घाबरून एकमेकींकडे बघत राहिलो. दुसऱ्या दिवशी साहेब लोक आले आणि त्यांनी काही विचारायच्या आतच अप्पा म्हणाले, स्टोव्ह माझ्याकडून राहिला.

फलकाचं म्हणशील तर ते काम झालं. काल मी समितीपुढे सगळं वाचून दाखवलं. अध्यक्षांनी स्वतःच्या हातानं ते वाक्य खोडलं. नव्या वाक्यात पडदा आहे आणि माझं नाव आहे. अप्पांचं नाव घालायचं की नाही ते तू ठरव. पण तेवढं कळवायला एक पोस्टकार्ड पुरलं असतं. आणि क्षमाही मी आज मागत नाही, ती मागायला समोर यावं लागतं, तू बोलावलंस तर येईन. हे पत्र लिहिलं ते तुझ्या त्या एका ओळीसाठी, की वडील माझ्याजवळ असतात आणि आमचं फारसं बोलणं नसतं. त्यांनी घर घालवलं, नाव घालवलं, म्हणून तू त्यांच्याशी तुटक झालीस, हे मी समजू शकते. ते का बोलत नाहीत हे मात्र तुला माहीत नाही. बोलता बोलता कधी तोंडातून निघून जाईल आणि आग तुझ्यामुळे लागली असं तुला कळेल, या धाकानं तो माणूस गप्प राहिला असणार. तू केलीच नाहीस ती चूक तुझ्यापासून लपवत तो तुझ्याच घरात म्हातारा झाला. आज दुकान जरा लवकर बंद कर. त्यांच्याजवळ बस, ऐकू कमी येत असेल तर मोठ्यानं सांग, दोनदा सांग. त्यांना म्हणावं, अप्पा, पायरीवरच्या चपला माझ्या होत्या, पण त्यांत पाय शेपटीचे होते.

अजून म्हणू दिलंस तर तुझीच,
शेपूट